मंगळवारी दोन ते चार

बोगदान अंडं उकडायला ठेवायचे आणि गाणं म्हणायचे. घड्याळाकडे बघायचे नाहीत. सैनिकांच्या एका कूचगीताची तीन कडवी संथ लयीत म्हटली की बलक मऊ राहतो, चौथं म्हटलं की घट्ट होतो, असं त्यांचं गणित होतं. ते गणित चुकलेलं मी कधी पाहिलं नाही.

"आणि पाचवं कडवं?" मी एकदा विचारलं.

"पाचव्या कडव्यात सगळे मरतात," ते म्हणाले. "ते अंड्यासाठी नाही."

ब्रेडा या डच शहरात, आमच्याच इमारतीत, तळमजल्यावर ते एकटे राहायचे. वय सत्त्याहत्तर. एकतीस वर्षं शहरात बस चालवून निवृत्त झालेले. वडील पोलिश सैनिक, आई इथली डच. सैनिकांनी सुरू केलेल्या पोलिश गायकवृंदाचे ते शेवटचे संचालक. 'शेवटचे' हा शब्द मी अगदी सहज लिहिला, पण त्यामागे मी आहे. तो गायकवृंद बंद पडला त्याला वय, आजारपण, मरण अशी बरीच कारणं होती, आणि त्यात माझा एक ईमेल होता. त्यांच्याविषयी लिहायचं तर हे आधीच सांगायला हवं, नाहीतर पुढचं सगळं मी गोड करून सांगेन अशी मला भीती वाटते.

माणूस उंच, पण मान कायम थोडी पुढे झुकलेली, काचेतून रस्ता बघत असल्यासारखी. कोटाच्या वरच्या खिशात एक कंगवा आणि सूर लावायचा एक नादकाटा. तो गुडघ्यावर आपटायचा, कानाशी धरायचा आणि मग जगातल्या प्रत्येक गोष्टीचा सूर तपासायचा, ही त्यांची सवय. एकदा लिफ्टमध्ये माझ्यासमोर त्यांनी तो काढला, ऐकला आणि म्हणाले, "लिफ्टची घरघर उतरलीये. आठवड्यापूर्वी अर्धा सूर वर होती." दुरुस्तीवाल्यांना त्यांनी फोनही केला. पलीकडचा माणूस हसला असावा, कारण बोगदान शांतपणे म्हणाले, "ठीक आहे, मग बंद पडल्यावर या." चौथ्या दिवशी लिफ्ट बंद पडली. माझा नवरा निखिल आठवड्याची खरेदी घेऊन पायऱ्या चढत आला आणि हे ऐकून पिशव्यांसकट खाली बसून हसला.

पोलिश भाषा ते वडिलांकडून आणि वडिलांच्या मित्रांकडून शिकले. ते सगळे रणगाडे चालवणारे. चाळिसाव्या वर्षी बोगदान पहिल्यांदा पोलंडला गेले, एका दुकानात जाऊन पाव मागितला, तर काउंटरवरची मुलगी लाल झाली आणि आतून तिची आई धावत आली. 'कृपया' म्हणून ते जो शब्द वापरत होते, ती रणगाड्यातली शिवी होती. बाकीची भाषाही पंचेचाळीस सालातली, लष्करी. चार दिवस लोक त्यांना पुन्हा पुन्हा बोलायला लावून हसले. प्रेमानेच हसले, असं ते सांगायचे. "पण तिथे मी परका नव्हतो, मेघना. विनोद होतो," ते म्हणाले. पुन्हा गेले नाहीत.

आम्ही डीमन गावाहून ब्रेडाला आलो ते माझ्या नोकरीसाठी. एका मालवाहतूक कंपनीत सॉफ्टवेअरचं काम, आठवड्यातले तीन दिवस घरून. फ्लॅट पहिल्या मजल्यावर, आणि बरोबर खाली इमारतीचा सामायिक हॉल. दर मंगळवारी दुपारी दोन वाजता त्या हॉलमध्ये गाणं सुरू व्हायचं ते चारपर्यंत. गुणगुणणं नव्हे, मोठ्ठ्यांदा. जमिनीतून वर येणारं. शब्द कळायचे नाहीत. माझी आठवड्यातली सगळ्यात महत्त्वाची मीटिंग मंगळवारी अडीचला. एकदा क्लायंटसमोर बोलताना माझा मॅनेजर हसून म्हणाला, "मेघना, तुझ्या घरी कोणी वारलंय का?" सगळे हसले. मीही हसले. त्या महिन्यात माझ्या बढतीचं चाललं होतं, आणि मला वाटलं, हे लोक माझं नाव आता या आवाजाबरोबर लक्षात ठेवणार.

मी खाली जाऊन दार ठोठावू शकले असते. 'अडीच ते तीन जरा हळू गाल का?' एवढंच विचारायचं होतं. ते मी केलं नाही. डच येत नाही फारसं, हे मी स्वतःला दिलेलं कारण. मी इमारतीचं व्यवस्थापन बघणाऱ्या कंपनीला ईमेल लिहिला. उत्तम इंग्रजीत. फोनवर आवाज मोजायचं ॲप घेऊन पाच मंगळवारचे आकडे जोडले. आणि लिहिलं की इमारतीशी संबंध नसलेल्या, परक्या भाषेत गाणाऱ्या बाहेरच्या लोकांचा हा गट रहिवाशांच्या शांततेवर अतिक्रमण करतो आहे. माझं नाव उघड करू नये, ही विनंती.

बाहेरचे लोक. कामाच्या परवान्यावर चौथं वर्ष चाललेल्या बाईने हे लिहिलं.

तीन आठवड्यांनी हॉलच्या काचेच्या दारावर सूचना लागली: कामाच्या दिवशी संगीताला मनाई. दार कुलूपबंद. त्या मंगळवारी मी मीटिंगमध्ये फार छान बोलले.

शुक्रवारी संध्याकाळी बेल वाजली. दारात बोगदान, हातात मोठा ट्रे, त्यावर खसखशीच्या केकचे कापलेले तुकडे, प्रत्येक तुकडा वेगळ्या कागदी रुमालात. तोवर आमची ओळख लिफ्टपुरतीच होती.

"मी खालच्या गाण्यातला," ते सावकाश डचमध्ये म्हणाले, मला कळावं म्हणून. "आमच्यामुळे कोणाला तरी त्रास झाला. कोणाला, ते कंपनी सांगत नाही. म्हणून चोवीसही घरांत देतोय. त्या एकाला पोचेलच."

आत ईरा, आमची सात वर्षांची मुलगी, केक बघून उड्या मारायला लागली होती. मी तुकडा घेतला. काहीतरी बोलायला हवं होतं.

"मला तर कधी ऐकूच आलं नाही," मी म्हणाले.

त्यांनी माझ्याकडे जरा वेळ पाहिलं. मग मान हलवली आणि पुढच्या दाराकडे गेले.

केक फार चांगला होता. ईराने दुसऱ्या दिवशी खाली जाऊन आणखी मागून आणला, आणि अशी आमची ओळख वाढली. ईरा त्यांना 'ओपा बोगदान' म्हणायला लागली. ओपा म्हणजे आजोबा. तिच्या सायकलचं पंक्चर ते काढून द्यायचे. मी पोहे केले की डबा खाली जायचा आणि रिकामा कधीच परत यायचा नाही. मी त्यांच्या स्वयंपाकघरात बसून कॉफी प्यायला लागले. जितकी जास्त बसले, तितकं सांगणं अवघड होत गेलं.

तिथेच मला त्या गाण्याची हकिकत कळली. दुसऱ्या महायुद्धात हे शहर जर्मनांच्या हातून पोलिश सैनिकांनी सोडवलं. पुढचा हिवाळा ते इथल्याच घरांमध्ये राहिले. घरवाल्यांची भाषा येत नव्हती, म्हणून संध्याकाळी गायचे. लढाई संपली, तेव्हा बोगदानच्या वडिलांचं गाव पोलंडमध्ये राहिलंच नव्हतं. सीमाच सरकली होती. ज्यांची गावं जागेवर होती त्यांनाही नव्या राजवटीत परत जायची भीती. मग काही जण ब्रेडाला परत आले, कारण इथे त्यांची वाट पाहणाऱ्या मुली होत्या. कारखान्यांत लागले, दगडी कोळसा वाहिला, बिअरची पिंपं ढकलली, आणि आठवड्यातून एकदा चर्चच्या मागच्या खोलीत गायले. बत्तीस जण.

"प्रत्येकाची जागा ठरलेली," बोगदान सांगत होते. टेबलावर त्यांनी साखरेचे चौकोनी तुकडे मांडले. "रणगाड्याच्या तुकडीत असते तशी. एकजण गेला तर बाकीच्यांनी सरकायचं नाही. जागा मोकळी ठेवायची. हा माझ्या वडिलांचा नियम."

"म्हणजे आता?"

"आता आम्ही आठ. पण उभे राहतो बत्तिसांसारखे. माझ्या शेजारी चार जागा मोकळ्या, मग फ्रान्स, मग सहा मोकळ्या, मग वांदा. एकमेकांना ऐकू जायला हवं ना, म्हणून जोरात गावं लागतं." ते जरा ओशाळून हसले. "कोणाला तरी त्रास होणारच."

फ्रान्स हा अस्सल डच. पोलिश एक अक्षर न कळता बावीस वर्षं नुसत्या उच्चारावर गाणारा. आणि वांदा आमच्याच इमारतीत तिसऱ्या मजल्यावर राहणाऱ्या चौऱ्याण्णव वर्षांच्या बाई. पुरुष कमी पडायला लागले तेव्हा गायकवृंदात घेतलेली पहिली स्त्री. मूळच्या सैनिकांच्या रांगेत उभं राहून गायलेल्या आता त्या एकट्याच उरल्या होत्या. चाकाच्या वॉकरवर ओठांना लाली लावून लिफ्टने खाली यायच्या आणि आपल्या जागेवर खुर्ची टाकून बसायच्या.

एक दिवस बोगदान कागद घेऊन वर आले. "तुझी मदत हवी. इमारतीचे मालक आता परदेशातले, त्यांना इंग्रजीतच लिहावं लागतं. तक्रारीची प्रत मागवलीये मी. नाव झाकलंय, पण मजकूर आहे."

त्यांनी माझं पत्र माझ्या टेबलावर ठेवलं. नावाच्या जागी काळी पट्टी. त्यांनी एका शब्दाखाली पेन्सिलीने रेघ ओढली होती.

"हा शब्द मला नीट कळला नाही. म्हणजे काय?"

तो शब्द 'अतिक्रमण' होता. मी माझ्या मोडक्या डचमध्ये समजावून सांगितलं: आपलं नसलेल्या ठिकाणी कोणी घुसतं, तसं.

"आणि इथे बाहेरचे लोक लिहिलंय." त्यांनी त्या ओळीवर बोट ठेवलं. "वडिलांना राग आला असता. नाही, हसले असते बहुतेक. आईला राग आला असता." मग चष्मा काढून म्हणाले, "ज्याने लिहिलंय त्याचं इंग्रजी फार चांगलं आहे. उत्तरही तितकंच चांगलं हवं. म्हणून तुझ्याकडे आलो."

मी लिहिलं. माझ्याच मुद्द्यांना एकेक करून उत्तर दिलं. बोगदान शेजारी बसून मान डोलवत होते. मी मधेच उगाच कीबोर्ड पुसत होते. तेव्हा सांगायला हवं होतं. समोर फक्त ते होते, मी होते आणि तो कागद होता. मी विचारलं, "आणखी कॉफी?"

कंपनीचं उत्तर आलं की तक्रारदाराने तक्रार मागे घेतली तर फेरविचार करू. त्याच दिवशी मलाही त्यांचा ईमेल आला: मागे घ्यायची आहे का? एका शब्दाचं उत्तर पुरलं असतं. मी सात आठवडे ते दिलं नाही. स्वतःला सांगत राहिले की लगेच मागे घेतली तर बोगदानना संशय येईल, थोडे दिवस जाऊ देत. ते खरंच होतं, पण पुरतं खरं नव्हतं. मंगळवारची शांतता मला आवडू लागली होती.

त्या सात आठवड्यांत गायकवृंद शहराबाहेरच्या एका फुटबॉल क्लबच्या कॅन्टीनमध्ये जमू लागला. दोन बस बदलून जावं लागायचं. वांदाबाईंना ते शक्यच नव्हतं. आणखी दोघांनी थंडी वाढल्यावर येणं सोडलं.

एका मंगळवारी दुपारी मी पार्सल घ्यायला खाली गेले. हॉलच्या बंद काचेच्या दारासमोर वांदाबाई वॉकरच्या बैठकीवर बसल्या होत्या. पांढरा ब्लाउज, गळ्यात पोवळ्यांची माळ, ओठांना लाली. मांडीवर गाण्यांची वही.

"आज मंगळवार ना?" त्यांनी मला विचारलं.

"हो."

"मग दार का बंद आहे?"

गेला काही काळ त्या विसरायला लागल्या होत्या, हे मला बोगदानकडून माहीत होतं. त्यांना हे आधीही सांगितलं गेलं असणार, दर मंगळवारी.

"मला माहीत नाही," मी म्हणाले.

"थांबते मग," त्या म्हणाल्या. "कोणी तरी किल्ली आणेल."

मी वर येऊन उभ्या उभ्या तक्रार मागे घेतली. पण कंपनीच्या बैठकीत तो विषय यायला आणखी महिना गेला. हॉल उघडला, तोवर वांदाबाईंना मुलीने वृद्धाश्रमात हलवलं होतं. फ्रान्सच्या खुब्याचं ऑपरेशन झालं होतं. पहिल्या मंगळवारी मी मीटिंग रद्द करून जमिनीवर बसून राहिले. दोन वाजता गाणं सुरू झालं. चार आवाज. एक कडवं झालं. दुसऱ्यात मध्येच कोणीतरी थांबलं, मग सगळेच थांबले. थोड्या वेळाने खुर्च्या एकावर एक ठेवल्याचा आवाज आला. पुढच्या मंगळवारी खाली काहीच नव्हतं.

"चारांत होत नाही," बोगदान लिफ्टमध्ये म्हणाले. मी काही विचारलं नव्हतं.

मार्चमध्ये वांदाबाई गेल्या. त्यांच्या अंत्यविधीला चर्चमध्ये स्पीकरवरून दुसऱ्याच कुठल्या तरी गायकवृंदाचं ध्वनिमुद्रित गाणं वाजलं. मोठा, तालीम झालेला, सुरेख गायकवृंद. बोगदान पूर्ण वेळ त्या स्पीकरकडे बघत उभे होते, आणि मी मागच्या बाकावरून त्यांच्याकडे.

दुसऱ्या दिवशी मी त्यांच्या स्वयंपाकघरात गेले आणि उभ्यानेच सांगितलं. दोन्ही पत्रं मी लिहिली. पहिलंही. सात आठवडे मी थांबले, तेही सांगितलं. वांदाबाईंना काय म्हणाले, तेही.

शेगडीवर पाणी उकळत होतं, बोगदाननी उठून गॅस बंद केला.

"पहिलं पत्र जास्त चांगलं होतं," ते म्हणाले. "ते तू स्वतःसाठी लिहिलं होतंस."

मी माफी मागितली. मराठीत सुचत होतं तसं इंग्रजीत, इंग्रजीत सुचेना तेव्हा डचमध्ये.

"पत्राचं जाऊ दे," ते म्हणाले. "लोकांना आवाजाचा त्रास होतो. मीही बसमध्ये मुलांना ओरडायचो. पण तू दारात म्हणालीस, ऐकूच आलं नाही. चोवीस घरं फिरलो मी त्या दिवशी. कोणी म्हणालं फार मोठं, कोणी म्हणालं छान, एकाने तोंडावर दार लावलं. बरोबर वरच्या घरातली तू म्हणालीस, ऐकूच आलं नाही. मी खाली येऊन बसलो. वाटलं, एवढे कमी पडलो आपण? वरच्या मजल्यापर्यंतसुद्धा जात नाही? हे मी बाकीच्यांना सांगितलं, मेघना. सांगायला नको होतं. सगळ्यांचाच धीर गेला."

मी शिष्टाचार म्हणून बोललेलं ते एक वाक्य होतं. तक्रारीबद्दल मी कितीतरी रात्री स्वतःला दोष दिला होता. त्या वाक्याबद्दल एकदाही नाही.

"मला माफ कराल का?" मी विचारलं.

त्यांनी खरंच विचार केला, चेहऱ्यावर दिसत होतं. "मी एकटा असतो तर केलं असतं," ते म्हणाले. "पण हे माझ्या एकट्याचं नाहीये. आणि बाकीच्यांना आता विचारता येत नाही."

त्यानंतर ते माझ्याशी कधी तुटकपणे वागले नाहीत. लिफ्टमध्ये भेटले की 'गुड मॉर्निंग' म्हणायचे, ईराच्या शाळेची चौकशी करायचे, तिची सायकल दुरुस्त करायचे. पण नंतर आमच्या घराची बेल त्यांनी कधी वाजवली नाही. मीही डबा पाठवला नाही. कुठल्या तोंडाने पाठवणार? निखिलला मी हे सगळं फार उशिरा सांगितलं. तो म्हणाला, "अगं, पण तू मुद्दाम थोडंच केलंस?" त्याला वाटलं, हे ऐकून मला बरं वाटेल. पत्र मी मुद्दामच लिहिलं होतं, ॲप लावून, आकडे जोडून.

वर्षभराने निखिलला ब्रेडापासून लांब, हूफडॉर्पजवळ नोकरी लागली आणि आम्ही तिकडेच नीउ-व्हेनेपला घर घेतलं. निघताना ईरा खाली जाऊन ओपांना मिठी मारून आली. मी गाडीत सामान नीट लावत होते. फारच नीट लावत होते.

गेल्या शनिवारी ब्रेडाला काही कामासाठी गेले होते. बाजारात हेरिंग माशाच्या गाडीपाशी बोगदान दिसले. शेजारी काठी टेकून एक बुटका म्हातारा उभा होता, फ्रान्स असणार. दोघं कागदी तबकातून मासा खात होते. फ्रान्सने काहीतरी सांगितलं आणि बोगदान मान मागे टाकून हसले, इतके मोकळे की गाडीवाल्यानेही वळून पाहिलं. मान त्यांना तशी मागे टाकता येते, हे मला माहीत नव्हतं. आमच्यात पंधरा-वीस पावलांचं अंतर असेल. मी फुलांच्या दुकानाच्या आडोशाला उभी राहिले.

खाऊन झाल्यावर ते निघाले. त्यांच्या पिशवीतून कांद्याची हिरवी पात बाहेर डोकावत होती. सिग्नल लाल होता, रस्त्यावर एकही गाडी नव्हती. फ्रान्स काठी टेकत तसाच पलीकडे गेला आणि हात हलवून त्यांना बोलावू लागला. बोगदान अलीकडेच थांबले, समोर बघत. माझी हाक पोचली असती. मी दोनदा तोंड उघडलं.

दुकानातल्या मुलीने विचारलं, "बाई, काही हवंय का तुम्हाला?" मी वळून 'नको' म्हणाले, आणि पुन्हा पाहिलं तेव्हा दिवा हिरवा झाला होता आणि ते रस्ता ओलांडून गेले होते.